मौलाना आझादांवर भाषण लिहायचंय, झेरॉक्सच्या पलीकडचं कोणी सांगेल का?

डिचोलीची_आई

नमस्कार मंडळी. ११ नोव्हेंबरला शाळेत राष्ट्रीय शिक्षण दिन असतो, त्याला मराठी वक्तृत्व ठेवलंय आणि आमची आठवीतली पोरगी मला न विचारता नाव घालून आलीय. वेळ चार मिनिटं. शाळेतून एक झेरॉक्स दिलाय त्यात जन्म १८८८ मक्का, मृत्यू २२ फेब्रुवारी १९५८ दिल्ली, पहिले शिक्षणमंत्री, भारतरत्न १९९२, संपलं. आता वर्गातली पस्तीसच्या पस्तीस पोरं हेच म्हणणार आणि परीक्षक पहिल्या रांगेत बसून घड्याळ बघणार.

पण माझी अडचण वेगळीच आहे. काल रात्री बांगडे साफ करत होते तर ही बाजूला येऊन विचारते, "आई, मौलाना म्हणजे आपल्या देवळातल्या भटजींसारखेच ना? मग भटजी शिक्षणमंत्री कसे झाले?" मी म्हटलं अगं ते स्वातंत्र्यसैनिक होते. तर म्हणे "मग मौलाना कशाला म्हणायचं?" हाताला खवले लागलेले आणि डोक्यात उत्तर नाही.

तर कोणी जाणकार असेल तर सांगा. धर्माचा अभ्यास केलेला माणूस राजकारणात आला तो धर्म बाजूला ठेवून आला की धर्म बरोबर घेऊन आला? आणि पोरीला सांगता येईल अशी एखादी खरी गोष्ट असेल तर फारच बरं. व्हॉट्सॲपवरचे सुविचार नकोत, ते घरातल्या ग्रुपवर रोज सकाळी येतात.

म्हापशेकर_८१

वाचतोय. भाच्यालाही हाच विषय आलाय पण तो १० तारखेला रात्री जागा होणार.

मडगावचो_मास्तर

ताई, तुमच्या मुलीचा प्रश्न झेरॉक्सपेक्षा शंभर पटीनं चांगला आहे. एकतीस वर्षं इतिहास शिकवला, हा प्रश्न मला एकानंही विचारला नाही, आणि खरं सांगायचं तर मीही तो विचारायला लावला नाही.

जरा लांबण लावतो, सवय आहे.

आझाद हे त्यांचं नाव नव्हेच. घरचं नाव मुहियुद्दीन अहमद. वडील मौलाना खैरुद्दीन, मोठे विद्वान आणि पीर, म्हणजे सूफी गुरू, त्यांचे हजारो मुरीद, म्हणजे शिष्य, आई अरब घराण्यातली. मक्केत जन्म आणि मग लहानपणीच कुटुंब कलकत्त्याला आलं. शाळा कॉलेज काही नाही, वडिलांचा इंग्रजी शिक्षणावर अजिबात विश्वास नव्हता, म्हणून सगळं घरी. अरबी, फारसी, तर्कशास्त्र, गणित, तत्त्वज्ञान, म्हणजे तेव्हा ज्याला दर्स-ए-निझामी म्हणत तो पूर्ण अभ्यासक्रम. मुलं पंचविशीपर्यंत ज्यात अडकून पडायची तो यानं सोळाव्या वर्षी संपवला आणि मग वडिलांनी पंधरा एक विद्यार्थी गोळा करून याला शिकवायला बसवलं, कारण शिकवल्याशिवाय शिक्षण पूर्ण झालं असं मानत नसत. म्हणजे वक्तृत्वाला उभं राहणाऱ्या मुलीपेक्षा दोन तीन वर्षांनीच मोठा मुलगा वर्गावर तर्कशास्त्र शिकवतोय.

आता मुद्द्याचं. एवढं सगळं पाठ झाल्यावर या मुलाला शंका यायला लागल्या. सुधारक सर सय्यद अहमद खानांचं लिखाण वाचलं, आपण जे मानतो ते खरं म्हणून मानतो की घरात होतं म्हणून मानतो, हा घोळ डोक्यात सुरू झाला. बरीच वर्षं हे चाललं. त्याच काळात त्यांनी 'आझाद' हे टोपणनाव घेतलं. लोकांना वाटतं इंग्रजांपासून आझाद. तसं नाही! वारशानं आलेल्या समजुतींपासून मोकळा या अर्थानं आझाद, असं त्यांनी स्वतः सांगून ठेवलंय. वडिलांच्या पश्चात पिराची आयती गादी होती, ती त्यांनी चालवली नाही. पण धर्म सोडलाही नाही, तर स्वतः शोधून परत त्यात आले. तुमच्या मुलीला हे समजेल, या वयात पोरांना हे मोठ्यांपेक्षा चांगलं समजतं.

पुढे ते इराक, इजिप्त, तुर्कस्तान असे फिरून आले, तिथले क्रांतिकारक त्यांना म्हणाले की तुमच्याकडचे मुसलमान इंग्रजांच्या मागे का उभे? ते मनात धरून १९१२च्या जुलैत कलकत्त्याहून 'अल-हिलाल' साप्ताहिक काढलं. वय तेवीस. त्या वेळी टिळक मंडालेत होते हे लक्षात घ्या, म्हणजे इकडे 'केसरी'चा संपादक तुरुंगात आणि तिकडे एक मौलवी तेच काम उर्दूत सुरू करतोय. उर्दू पत्रं तेव्हा शिळाप्रेसवर छापत, यांनी छपाईचे सुटे खिळे (टाइप) वापरले, चित्रं घातली. दोन वर्षांत आठवड्याला २६,००० प्रती, उर्दूत तोवर कोणी ऐकला नव्हता असा आकडा. सरकारनं आधी २,००० रुपये जामीन मागितला, तो जप्त, मग १०,००० मागितला, तोही जप्त, शेवटी छापखानाच गेला. यांनी 'अल-बलाघ' नावानं दुसरं काढलं. मग १९१६ला बंगालमधून हद्दपार. पंजाब, दिल्ली, संयुक्त प्रांत, मुंबई या सगळ्यांनी आधीच दारं लावली होती, उरला बिहार, म्हणून रांचीला गेले आणि तिथं १९१९ संपेपर्यंत नजरकैदेत.

सुटल्यावर जानेवारी १९२०मध्ये दिल्लीत गांधीजींची पहिली भेट. १९२३ला काँग्रेसचे अध्यक्ष, वय चौतीस, एवढा तरुण अध्यक्ष आधी झाला नव्हता.

बाकीचं इतर लोक सांगतीलच, चष्मा दुखतो.

बेळगाव_ते_वास्को

मास्तर मस्त लिहिलंत. मी मुसलमान, शाळा बेळगावात मराठीतून, नोकरी वास्कोला बंदरात, त्यामुळे "मौलाना म्हणजे काय" हा प्रश्न आयुष्यभर मलाच विचारला जातो, तेव्हा हे माझं खातं.

ताई, भटजी नव्हे. नमाज पढवतो तो इमाम, निकाह वगैरे बघतो तो काझी, आणि आलिम म्हणजे शिकलेला माणूस, ग्रंथ जाणणारा. मौलाना ही त्याला मानानं लावायची पदवी. आपल्या मराठीत 'शास्त्री' म्हणतात ना, तसं. मुलीला सांगताना तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी घ्या. वाईला संस्कृत शिकलेला माणूस, अस्पृश्यतेला शास्त्राचा आधार नाही हे गांधीजींच्या बाजूनं शास्त्र उघडून सांगितलं, तुरुंगात गेला, पुढे साहित्य संस्कृती मंडळाचा अध्यक्ष झाला. आझाद त्या जातीचे. पूजा सांगणारे नव्हेत, पोथीचा अर्थ लावणारे.

आणि धर्म बाजूला ठेवून की बरोबर घेऊन, यावर माझ्याकडे एक नेमका दाखला आहे जो मला फार आवडतो. एप्रिल १९१९, रौलट कायद्याविरुद्ध दिल्ली पेटलेली, आणि स्वामी श्रद्धानंदांना, आर्यसमाजी संन्यासी बरं का, भगव्या कपड्यांत, मुसलमानांनी जामा मशिदीत नेऊन बोलायला उभं केलं. लगेच काही लोकांनी आक्षेप घेतला की गैरमुस्लिम मशिदीत आलाच कसा. आझाद तेव्हा रांचीत नजरकैदेत. दुसरा पुढारी असता तर म्हणाला असता अरे एकी महत्त्वाची, जुन्या गोष्टी सोडा. यांनी तसं केलं नाही. यांनी बसून आख्खी पुस्तिका लिहिली, हदीस (प्रेषितांची वचनं नि आठवणी) आणि जुन्या इमामांचे दाखले काढून, की प्रेषितांच्या काळी मदिनेच्या मशिदीत गैरमुस्लिम आलेले आहेत, उतरलेले आहेत, तेव्हा आक्षेपच शास्त्राला धरून नाही. म्हणजे विरोधकाच्या घरात जाऊन त्याच्याच कपाटातलं पुस्तक काढून दाखवलं! तसंच मदिनेचा करार, त्यात प्रेषितांनी मुसलमान आणि यहुदी टोळ्यांना मिळून एक समाज म्हटलंय, त्याचा आधार देऊन १९२१ला सांगितलं की हिंदू मुसलमान मिळून एक राष्ट्र होणं हे धर्माविरुद्ध नाही.

कुराणाचं उर्दू भाषांतर आणि विवरण, 'तर्जुमान-उल-कुराण', ते पण याच धावपळीत केलं. पोलीस झडतीत कागद उचलून न्यायचे, परत मिळायचे ते फाटके विस्कटलेले, मग पुन्हा लिहायचं. पहिला भाग १९३१च्या सुमारास आला, दुसरा १९३६ला, पुढचं राहूनच गेलं, राजकारणानं खाल्लं. आमच्या घरी आजोबांच्या ट्रंकेत पहिला भाग होता, वाळवीनं कडा खाल्लेल्या, त्यात पहिल्या सात ओळींवर, म्हणजे अल-फातिहावर, जवळजवळ अर्धं पुस्तक. लहानपणी मला वाटायचं यांना पुढे जायचंच नाही की काय.

खरं_ते_बोलणार

सगळे फुलं वाहतायत म्हणून मी थोडं कडू लिहितो, राग मानू नका.

एक, १९२०ला खिलाफतीच्या, म्हणजे तुर्की खलिफाचं पद वाचवायच्या चळवळीच्या, भरात याच मौलानांनी हिजरतच्या बाजूनं फतवा दिला, म्हणजे इंग्रजांच्या राज्यातून निघून मुस्लिम देशात जा. हजारो गरीब लोक घरं, गुरं, जमिनी मातीमोल भावानं विकून अफगाणिस्तानाकडे चालत निघाले. अफगाण सरकारनं थोड्या दिवसांत दार लावलं. कितीतरी वाटेत मेले, जे परत आले त्यांना घर नव्हतं. फतवा देणारे कुठेही गेले नाहीत. दोन, त्याच सुमारास यांना 'इमाम-उल-हिंद' व्हायचं होतं, देशातल्या सगळ्या मुसलमानांचा एक इमाम, बाकीच्या उलेमांनी, म्हणजे धर्मपंडितांनी, ते होऊ दिलं नाही. तीन, ज्या खलिफासाठी हे सगळं, त्याला १९२४ला खुद्द तुर्कांनीच घरी पाठवलं.

आणि शेवटी फाळणी झालीच ना? १९४० ते ४६ सहा वर्षं काँग्रेसचे अध्यक्ष, पण लोक जिनांच्या मागे गेले, ज्यांना धड उर्दू बोलता येत नव्हतं. जिनांनी तर यांना तारेनं कळवलं होतं की तुम्ही काँग्रेसचे दिखाऊ मुसलमान अध्यक्ष आहात. पंडित माणूस पुस्तकात मोठा असतो, निवडणुकीत नाही, हे माझं मत.

शिवाय ताई, कुठेही 'अल-अझहर विद्यापीठात शिकले' असं छापलेलं दिसलं तर भाषणात घेऊ नका, ते चूक आहे. ते कैरोला जाऊन आले एवढंच, आणि तिथली शिकवण्याची पद्धत त्यांना मुळीच आवडली नव्हती. ही चूक मोठमोठ्या लोकांनी केलीय.

डिचोलीची_आई

बाप रे, झेरॉक्समध्ये अल-अझहर आहे!! खाली अधोरेखित करून. बरं झालं सांगितलंत.

बेळगाव_ते_वास्को

@खरं_ते_बोलणार भाऊ, राग कसला, हिजरतचं तुम्ही लिहिलंत ते खरंच आहे आणि ते झाकायचं कारण नाही. माझ्या मते तिथंच त्यांना चटका बसला असणार, कारण त्यानंतरचे आझाद बघा, फतव्याची भाषा कमी कमी होत गेली. इमाम होण्याचा नादही सुटला. पंडिताला अधिकार गाजवायचा मोह होतो तो एकदा झाला, नाही कोण म्हणतं.

पण फाळणी त्यांच्या माथी कशी मारता? १९४६च्या एप्रिलमध्ये त्यांनीच लिहून मांडलं होतं की केंद्राकडे संरक्षण, परराष्ट्र, दळणवळण ठेवा, बाकी प्रांतांना द्या, म्हणजे देश एक राहील आणि मुसलमानांची भीतीही जाईल. कॅबिनेट मिशनची, म्हणजे सत्तांतरासाठी आलेल्या ब्रिटिश मंत्र्यांची, योजना बरीचशी त्याच अंगानं आली. ती मोडली त्याला दोन्हीकडचे हात लागले. त्याच वर्षी अध्यक्षपद सोडलं ही आपल्या राजकीय आयुष्यातली सगळ्यात मोठी चूक असावी, असं त्यांनी स्वतःच आत्मकथनात म्हटलंय. स्वतःची चूक छापून ठेवणारे पुढारी किती दाखवाल?

आणि लोक ऐकत नव्हते हे त्यांना कोणी सांगायची गरजच नव्हती. अलीगढच्या स्टेशनवर मुस्लिम लीगवाल्या पोरांनी त्यांच्या डब्यापाशी काय काय केलं ते वाचा, शिव्या, धक्काबुक्की. त्याच अलीगढ विद्यापीठावर फाळणीनंतर गंडांतर आलं तेव्हा शिक्षणमंत्री म्हणून पाठीशी उभे राहिले ते हेच.

ऑक्टोबर १९४७ला दिल्लीत कत्तली चालू, मुसलमान सामान बांधून पाकिस्तानला निघालेले, तेव्हा जामा मशिदीच्या पायऱ्यांवरून बोलले. मी हाक मारली तेव्हा तुम्ही माझी जीभ कापलीत, लेखणी उचलली तेव्हा हात तोडलात, असं तोंडावर सुनावलं, आणि लगेच म्हणाले की आता पळता कुठे, ही मशीद तुमची, हीच यमुना जिच्या काठावर तुमच्या पूर्वजांच्या काफिल्यांनी वजू (नमाजाआधीचं हातपाय धुणं) केलं. आमचे आजोबा दिल्लीत नव्हते, बेळगावातच होते, पण ते भाषण त्यांनी उर्दू पेपरात वाचलेलं आणि घडी घालून त्याच ट्रंकेत ठेवलेलं. निवडणुकीत किती मतं पडली ते मला माहीत नाही, आमच्या घरानं बिऱ्हाड हलवलं नाही एवढं माहीत आहे.

म्हापशेकर_८१

+१

नगरकर_पर्वरी

मी मूळचा नगरचा, अठरा वर्षं पर्वरीत, इथं आल्यावर मौलानांवर बोलायला मिळेल असं कधी वाटलं नव्हतं. बाकी राजकारण तुम्ही मिटवा, ताई, तुमच्या पोरीसाठीची गोष्ट आमच्या किल्ल्यात आहे.

९ ऑगस्ट १९४२च्या पहाटे मुंबईत सगळ्यांना उचललं, खास गाडी केली आणि नगरच्या भुईकोट किल्ल्यात आणून ठेवलं. नेहरू, पटेल, आझाद, कृपलानी, पंत, नरेंद्र देव, आपले शंकरराव देव, असे बारा जण. आझाद तेव्हा काँग्रेसचे अध्यक्ष, म्हणजे जवळजवळ आख्खी कार्यकारिणीच आत. किल्ला आता लष्कराच्या ताब्यात आहे, ओळखपत्र दाखवून आत जाता येतं. लहानपणी शाळेची सहल गेली होती, त्या ओळीनं असलेल्या खोल्या बघितल्यात. भिंती एवढ्या जाड की उन्हाळ्यातही आत गार.

तिथं आझादांनी पत्रं लिहिली. एका नबाब मित्राच्या नावानं, पण टपालात टाकायची परवानगी नव्हती, सगळी तशीच पडून, १९४६ला पुस्तक झालं, 'गुबार-ए-खातिर'. राजकारण जवळजवळ नाहीच. चहावर पत्र! माणूस पहाटे तीन चारला उठून स्वतः चहा करायचा, चिनी चहा, मोगऱ्याच्या जातीच्या वासाचा, बिनदुधाचा. आपण जो दूध साखर घालून उकळतो त्याला ते पातळ हलवा म्हणायचे. मी हे बायकोला वाचून दाखवलं तर ती म्हणाली त्यांना नगरचा चहा पाजायला हवा होता.

तुरुंगाच्या अधिकाऱ्याला त्यांनी नाव ठेवलं होतं चीताखान, चांदबिबीच्या कथेतलं नाव. इतिहासाची खोड, दुसरं काय.

आणि चिमण्या. खोलीच्या छताला चिमण्यांची घरटी, दिवसभर काड्या नि कचरा अंगावर, कागदावर. मौलाना आधी छत्री घेऊन मागे धावले, मग बांबू मागवला, रीतसर युद्ध. हाकलल्या की अर्ध्या तासात परत हजर. शेवटी माणसानं हार मानली आणि तह केला, तांदळाचे दाणे टाकायला लागले, आधी लांब, मग रोज थोडं जवळ, मग खुर्चीजवळ, मग अगदी हाताशी. ओळख झाली तशी नावंही ठेवली. एक देखणी चिमणी मोती. एक बेफिकीर, त्याचं नाव कलंदर. एक गप्प मान खाली घालून बसणारा, तो सूफी. आणि एक जाडजूड, छाती काढून सगळ्यांशी भांडणारा, दाण्यावर पहिला हक्क सांगणारा, त्याचं नाव मुल्ला!! मौलाना स्वतः नाव ठेवतायत मुल्ला. मी हसून हसून पुस्तक खाली ठेवलं.

आता दुसरी गोष्ट, ती सांगायची की नाही ते तुम्ही ठरवा. त्यांची बायको झुलेखा बेगम कलकत्त्यात आजारी. बातम्या वाईट यायला लागल्या. अधिकाऱ्यानं सुचवलं की सरकारला काही विनंती करायची असेल तर करा, मी पाठवतो. नाही म्हणाले. इंग्रजांकडे काही मागायचं नाही. सहकाऱ्यांनीही समजावलं, नाही. ९ एप्रिल १९४३ला तार आली, बायको गेली. दोन दिवसांनी लिहिलेलं पत्र आहे, त्यात कबूल करतात की वरून मी शांत दिसायचो पण तो माझ्या मनाचा देखावा होता, आत मी पोखरलो जात होतो. तरी वेळापत्रक मोडलं नाही, जेवायला ठरल्या वेळी सगळ्यांबरोबर जाऊन बसत होते. शेवटची भेट झाली नाहीच, सुटका १९४५च्या जूनमध्ये.

मी ते पत्र वाचतो तेव्हा मला दर वेळी राग येतो. एक अर्ज केला असता तर काय झालं असतं? बायको म्हणते तुला नाही कळणार. तिला तरी कळतं का, तेही मी विचारलेलं नाही.

केरीचा_सूर

उशिरा आलो. नगरकर भाऊ, शेवटच्या पत्राचा उल्लेख राहिला, ते गाण्यावर आहे! पीरबाबांच्या घरात सतार, म्हणजे काय ते समजून घ्या. पोरवयात लपून छपून शिकले, काही वर्षं चांगला रियाझ केला. आग्र्याला असताना चांदण्या रात्री सतार घेऊन ताजमहालाच्या चौथऱ्यावर जाऊन यमुनेच्या बाजूला बसून वाजवायचे. वाजवणं पुढे सुटलं, कान सुटला नाही.

आता गोव्याचं. मौलाना गेले १९५८ला, आपण मोकळे झालो १९६१च्या डिसेंबरात, म्हणजे त्यांच्या हयातीत गोवा पोर्तुगालच्या सालाझारकडेच. तरी एक धागा आहे. शिक्षणमंत्री असताना संगीत नाटक अकादमी १९५३ला सुरू झाली, साहित्य अकादमी आणि ललित कला अकादमी १९५४ला, सगळं त्यांच्याच खात्यातून. आणि १९५३चा संगीत नाटक अकादमी पुरस्कार कुणाला? गायिका केसरबाई केरकर. आमच्या फोंड्याच्या केरीची! गाव पोर्तुगीज राज्यात, बाई मुंबईत, आणि दिल्लीत एका मौलानाच्या खात्याखालच्या अकादमीचा पुरस्कार तिला. देवळात सेवा करणाऱ्या घरातल्या बायकांचं गाणं ज्यांनी हलकं म्हटलं त्यांना ही चपराक होती असं मी तरी मानतो.

साहित्य अकादमीचं मात्र इथं बोलू नये. १९७५ला त्यांनी कोंकणीला स्वतंत्र साहित्यभाषा म्हणून मान्यता दिली, तेव्हा आमच्या गावात जे वाजलं ते अजून थांबलेलं नाही. आमच्याच घरात वडील मराठीवाले, काका कोंकणीवाले, चवथीला एकाच माटोळीखाली (गणपतीवर बांधतात त्या फळापानांच्या मांडवाखाली) बसून दोघं दोन दिशांना तोंड करून जेवायचे.

खरं_ते_बोलणार

बोलू नये म्हणून बोललातच. 😀

चिमण्यांची गोष्ट माहीत नव्हती. आवडली. बाकी मुद्दे कायम.

मडगावचो_मास्तर

भाषेच्या वादात धागा नेऊ नका, माझी उमर त्यातच गेली, १९६७चा जनमत कौल, १९८७चा राजभाषा कायदा, दोन्ही वेळा घरात भांडणं.

शिक्षणमंत्र्याचं थोडं राहिलं. ज्या माणसानं शाळेचं तोंड बघितलं नाही, इंग्रजी चोरून शब्दकोश आणि बायबल समोर ठेवून शिकला, त्यानं ऑगस्ट १९४७ ते मरेपर्यंत साडेदहा वर्षं देशाच्या शाळा बघितल्या. मौलवी मंत्री म्हणजे मदरसे काढेल अशी बऱ्याच लोकांची अटकळ असावी. काढलं काय? खरगपूरचं आयआयटी, १९५१, तेही हिजलीच्या कैदखान्याच्या इमारतीत, जिथं इंग्रजांनी राजबंदी ठेवलेले. विद्यापीठ अनुदान आयोग. राधाकृष्णन आयोग, मुदलियार आयोग. प्राथमिक शिक्षणाकडे हवं तितकं लक्ष गेलं नाही अशी टीका होते आणि ती मी शिक्षक म्हणून मान्य करतो, पैसे वर गेले, खाली फळा फुटकाच राहिला.

आपल्याकडे आयआयटी २०१६ला आलं फर्मागुडीला, इंजिनिअरिंग कॉलेजच्या आवारात, आणि जागेवरून मेळावलीला गावकऱ्यांनी किती विरोध केला ते सगळ्यांना ठाऊक आहे. तो वेगळा धागा काढा.

डिचोलीची_आई

सगळ्यांचे देव बरें करूं. मी हा धागा पोरीला मोबाईलवर दिला आणि ती दोन तास गायब, मला वाटलं रील्स बघतेय, तर खरंच वाचत होती. मग येऊन म्हणाली "आई, म्हणजे भटजी नाही, शास्त्री. आणि धर्म बरोबर घेऊन आले, पण आधी एकदा टाकून बघितला." मी म्हटलं हे तू बोल, हेच बोल.

सुरुवात चिमण्यांनी करणार आहे, "अहमदनगरच्या किल्ल्यात एका कैद्यानं चिमण्यांशी तह केला" असं. मग श्रद्धानंदांचं. हिजरतही एका वाक्यात घेतेय, तिनंच ठरवलं, म्हणे चूक सांगितली की बाकीचं खरं वाटतं. बायकोचं घेणार नाही, सराव करताना दोनदा रडली. अल-अझहर बाईंना जाऊन सांगितलं, बाई म्हणाल्या छापलंय ते छापलंय.

एकच विचारायचं होतं. भांडखोर चिमण्याचं नाव मुल्ला हे स्टेजवरून म्हटलं तर कोणाला लागेल का? वर्गात तीन चार मुस्लिम मुलं आहेत, तिची मैत्रीणच आहे त्यातली एक. वास्कोवाले दादा, तुम्ही सांगा, काढू का?

बेळगाव_ते_वास्को

काढू नका ताई. ती चेष्टा मौलानांनी स्वतःच्याच बिरादरीची केलीय, त्यांना शोभून दिसते. फक्त सूफी आणि कलंदर पण ठेवा, नुसता मुल्ला ठेवला तर अर्थ बदलतो, चौघांना एकत्र आणलं की सगळे हसतात. मैत्रिणीला आधी ऐकवा, ती हसली की झालं. आमच्या मोहल्ल्यात तर एका बोक्याला आम्ही हाच किताब दिलाय.

डिचोलीची_आई

ऐकवलं फोनवर. ती म्हणाली आमच्या मामाचंच वर्णन आहे. 😂

आता शेवटची अडचण, घड्याळ लावून बघितलं तर चार मिनिटं पन्नास सेकंद होतायत. काय कापू?

मडगावचो_मास्तर

जन्मतारीख आणि भारतरत्न कापा. ते बाकीची चौतीस पोरं सांगतीलच.